एब्बाने लावलेला शेवट

मी ‘पांढरी वात’ बोलतोय. हसू नका. मूकपटाने तोंड उघडावं हे विचित्र आहे, मला कळतं. पण मी मुका असलो तरी बहिरा नाही. सत्तर वर्षं डब्यात राहून मी माणसांचं बरंच काही ऐकलं आहे, आणि आज बोललो नाही तर पुढे माझं बोलणं कुणाच्या कामाचं राहणार नाही.

माझा जन्म १९१३ सालच्या वसंतातला, कोपनहेगनच्या फ्रेडरिक्सबर्ग भागातल्या एका छोट्या चित्रपट कंपनीत. लांबीने मी पाऊण तासाचासुद्धा नाही, जेमतेम पाव तासाचा. कथाही साधी. एका म्हाताऱ्या सरदारणीचा हार चोरीला जातो. तिचा भाचा शपथेवर सांगतो की मी संध्याकाळभर मेणबत्ती लावून पत्रं लिहीत बसलो होतो. गुप्तहेर लिंड त्याच्या टेबलाकडे नुसता बघतो. मेणबत्ती अख्खी असते आणि तिची वात अजून पांढरी असते. झालं, भाच्याचं बिंग फुटतं. या जागी लोक खुर्चीतून पुढे सरकायचे. स्वतःच्या तोंडाने सांगतो आहे, पण तो प्रसंग खरोखरच झकास होता.

लिंडचं काम लाउरिट्स डामने केलं होतं. फ्यून बेटावरच्या स्वेनबोर्ग गावचा, बेकरीवाल्या विधवेचा एकुलता एक मुलगा. उंच, थोडा पोक काढून चालणारा, आणि कॅमेऱ्यात बघायचं नाही असं हजारदा बजावूनही बघणारा. माझ्या पहिल्याच दृश्यात तो सकाळी काळ्या पावाची नवी वडी समोर घेऊन बसतो, कॉफी ओततो, टोपी घालतो, दारापाशी थांबून सरळ तुमच्याकडे बघतो आणि मान डोलावतो. दिग्दर्शकाने कपाळावर हात मारला, पण फीत महाग, म्हणून ते तसंच राहिलं. त्यात तो इतका जिवंत दिसतो की त्याची खोड मोडली नाही हे फार बरं झालं.

आता मला माणसात आणलं कुणी, ते सांगतो. तिचं नाव एब्बा स्काउबो, वय एकोणीस. तेव्हा आमची फीत रंगांच्या हौदांत बुडवायचे. रात्रीचे तुकडे निळे, दिव्याचे पिवळे, सकाळचे फिके गुलाबी. मग ते सुटे तुकडे बायका हाताने एकाला एक चिकटवायच्या. प्रत्येक प्रत अशी हातानेच उभी राहायची. एब्बा पात्याने कड खरवडायची, पिकल्या नाशपातीसारखा वास येणारा गोंद लावायची आणि अंगठा दाबून दहापर्यंत मोजायची. बाकीच्या मुली सहावर उठायच्या. तिचा एकही सांधा मी आजवर सुटलेला पाहिला नाही, आणि मी स्वतःच तिच्या सांध्यांचा बनलेलो आहे.

आमच्याकडे एक रीत होती. प्रत्येक चित्रपटाला दोन शेवट काढायचे. एक घरच्या लोकांसाठी, गोड. दुसरा रशियाला पाठवायच्या प्रतींसाठी, कारण तिकडच्या प्रेक्षकांना म्हणे शेवटी कुणी मेल्याशिवाय चैन पडायचं नाही. माझ्या गोड शेवटात लिंड घरी येतो, दिव्याच्या उजेडात कॉफी पितो आणि खुशीत हसतो. रशियन शेवटात चोर शिपायांच्या हाती लागतो, पण त्याच्यामागे धावत आलेला लिंड धक्क्यावरून पाण्यात पडतो, आणि निळ्या पाण्यावर त्याची टोपी तेवढी तरंगत राहते. एप्रिलच्या गार पाण्यात लाउरिट्सला त्यासाठी दोनदा उडी मारावी लागली. एकदाच कसलं मरायचं, असं म्हणत तो कुडकुडत हसत होता.

माझा सांधा घालायच्या दिवशी एब्बाचा वाढदिवस होता. लाउरिट्स केकची पेटी घेऊन तिच्या टेबलापाशी आला. पेटी ठेवायला जागा नव्हती, म्हणून त्याने टेबलावरच्या दोन ताटल्या उचलल्या आणि परत ठेवताना इकडची तिकडे ठेवली. त्या ताटल्यांत माझे दोन शेवट होते, एक स्वेनबोर्गला जायचा, एक पीटर्सबर्गला. शेवटाचा तुकडा ठरल्या जागेवरच्या ताटलीतून घ्यायचा आणि न उलगडता चिकटवायचा, असं कामाचं वळण होतं. एब्बाने तसंच केलं. नाशपातीच्या वासात केकचा वास मिसळलेला मला अजून आठवतो. लाउरिट्स तिच्याकडे बघत होता आणि ती त्याच्याकडे न बघायचा प्रयत्न करत होती.

अशा रीतीने माझ्या जुळ्या भावाला गोड शेवट मिळाला आणि तो रशियात गेला. तिकडे त्याला शिव्याच पडल्या असतील. मी मात्र टोपी घेऊन स्वेनबोर्गला पोचलो.

तिथे काय वाढून ठेवलं होतं ते कळायला लाउरिट्सच्या आईची ओळख हवी. मारेन डाम तिचं नाव. तिचा नवरा रास्मुस समुद्रावर गेला तो परत आला नाही. त्याची टोपी तेवढी किनाऱ्याला लागली. तेव्हा लाउरिट्स सहा वर्षांचा होता. मुलाने जमिनीवर राहावं, भट्टीपाशी उभं राहावं, एवढीच तिची इच्छा. तो नट व्हायला पळून गेला त्याला चार वर्षं झाली होती आणि चार वर्षांत तिने त्याच्या एकाही पत्राला उत्तर दिलं नव्हतं. तोंड रंगवणारा मुलगा मला नाही, असं ती गिऱ्हाइकांनासुद्धा ऐकवायची.

पण मी गावात आलो आणि शेजारणीने तिला ओढतच दुपारच्या खेळाला आणलं. आधी ती हाताची घडी घालून बसली होती. मेणबत्तीच्या प्रसंगाला ती घडी सुटली. मुलगा हुशार निघाला असं शेजारणीच्या कानात कुजबुजलीसुद्धा. आणि मग पडद्यावर निळं पाणी आलं आणि पाण्यावर टोपी.

मारेनबाई उभी राहिली. ओरडली नाही. पडदाभर पसरलेल्या त्या टोपीकडे बघत राहिली आणि मग खुर्च्यांना धरत धरत बाहेर गेली. शेजारीण मागे धावत सांगत होती की अगं, हे खोटं असतं. तेवढं तिलाही कळत होतं. पण कळण्याचा काही उपयोग झाला नाही.

दुसऱ्या दिवशी बेकरीचं दार उघडलंच नाही. कामाच्या दिवशी ती बंद राहिल्याचं गावाने पहिल्यांदा पाहिलं. मारेनबाई बोटीने आणि आगगाडीने कोपनहेगनला आली, पत्ता विचारत स्टुडिओत शिरली आणि काचेच्या छपराखाली पाद्रीबुवाचा झगा घालून उभ्या असलेल्या लाउरिट्सच्या तिने सगळ्यांदेखत मुस्कटात दिली. मग त्याचे खांदे, हात, कान चाचपून पाहिले. त्याच्या काळ्या झग्यावर तिच्या हाताचं पीठ उमटलं.

हे सगळं मी ऐकलं, कारण तोवर सिनेमागृहाने मला तक्रारीसकट परत धाडलं होतं आणि मी आमच्या कंपनीचे मालक क्रोमान यांच्या टेबलावर पडून होतो. समोर एब्बा मान खाली घालून उभी होती. मारेनबाई तिथे आली.

“तूच ना ती, माझ्या पोराला बुडवणारी?”

“हो, मीच,” एब्बा म्हणाली. लाउरिट्स काहीतरी सांगायला पुढे झाला, तेव्हा तिने त्याच्या पायावर पाय दिला. ताटल्या कुणी हलवल्या हे ती जन्मात कुणाला बोलली नाही. त्याचं नुकतंच नाव होऊ लागलं होतं आणि क्रोमानसाहेब नटांवर फार लवकर चिडायचे.

क्रोमान म्हणाले की मुलीला आजच काढतो आणि ही प्रत भंगारात घालतो. मारेनबाईने पिशवीतून पाव काढून त्यांच्या कागदांवर ठेवला आणि शांतपणे सांगितलं, “हिला काढू नका. चार वर्षं मी जी अढी धरून बसले होते ना, ती हिच्या चुकीने गेली. माझा मुलगा मला हिने परत दिलाय.”  एब्बाची नोकरी वाचली. मीही वाचलो, कारण मला भंगारात टाकायचं काम एब्बालाच दिलं होतं आणि ते करायचं ती विसरली. ती कधी काही विसरत नसे.

पुढची दोन-तीन वर्षं आनंदाची. लाउरिट्स उन्हाळ्यात घरी जायचा, परतताना एब्बासाठी पाव आणायचा, आणि मारेनबाई प्रत्येक पावासोबत निरोप धाडायची की त्या बुडवणारीला सांग, लग्न कधी करताय. मग युद्ध आलं. डेन्मार्क युद्धात नव्हता, पण बाहेरच्या देशांत चित्रपट जाईनासे झाले आणि १९१६ साली आमची कंपनी बुडाली. एब्बाने मला कपड्यांच्या टोपलीत घालून आपल्या खोलीवर नेलं. लाउरिट्सला कुठेच काम मिळेना. शेवटी त्याला येत होतं तेच काम त्याने धरलं, पाव भाजायचं, पण एका गलबतावर. आईला त्याने आधी सांगितलंच नाही. पुढच्या वर्षी फेब्रुवारीत ते गलबत इंग्लंडकडे जाताना सुरुंगावर आदळलं. त्याच्यातलं कुणीही परत आलं नाही. या वेळी टोपीसुद्धा नाही.

मी तेव्हा एब्बाच्या पलंगाखाली होतो. तिचं रडणं मी ऐकलं आहे, ते मी सांगणार नाही.

वर्षभराने एब्बा स्वेनबोर्गला गेली. परत आल्या आल्या तिने पलंगाखालून माझा डबा ओढला, आणि त्या रात्रीपासून माझ्याशी बोलायला लागली. बायका एकट्या राहिल्या की भांड्यांशी बोलतात, ही माझ्याशी बोलायची. तिच्याकडून मला कळलं की मारेनबाईला आता झोप लागली की तीच टोपी दिसते. मुलाचा चेहरा दिसत नाही, टोपी दिसते. आणि दोघी भट्टीपाशी बसल्या असताना ती एब्बाला म्हणाली होती, “तेव्हा तू त्याला चुकून बुडवलंस. आता मुद्दाम वर काढ. कॉफी पितो तो शेवट मला दाखव. मग मी काही मागणार नाही.”

एब्बाने सगळीकडे पत्रं धाडली. ओडेन्स, ऑरहूस, ऑल्बोर्ग. गोड शेवटाच्या माझ्या भावंडांचं काय झालं ते मला तेव्हा कळलं. झिजलेल्या प्रती उकळून त्यातली चांदी काढून घेतली होती आणि उरलेल्याचं बुटाचं पॉलिश झालं होतं. मूळ फीत लिलावात गेली ती गेलीच. तिकडे क्रांती झाल्याने पीटर्सबर्गला लिहायची तर सोयच राहिली नव्हती. चार महिन्यांनी शेवटचं उत्तर आलं, तेही नकाराचं. कॉफी पिणारा लाउरिट्स जगात कुठेच उरला नव्हता.

मग एका रविवारी सकाळी तिने मला खिडकीशी धरलं आणि पहिल्यापासून, एकेक चित्र उजेडात बघत, हळूहळू उलगडलं. पहिल्या दृश्यापाशी तिचा हात थांबला. फिका गुलाबी रंग. टेबलावर पाव. कॉफी. टोपी. दार. आणि तो बघतो, मान डोलावतो. त्या दृश्यात मध्येच लिंडला सरदारणीचं पत्र येतं, तेवढं सोडलं तर त्याला कसलीच चिंता नाही.

तिने पातं घेतलं. मला भीती वाटली हे कबूल करतो. आधी तिने टोपीचा निळा तुकडा कापला आणि एका छोट्या डब्यात ठेवला. मग माझी सुरुवात कापली, त्यातलं पत्र अलगद काढून पुढच्या भागाला जोडलं आणि उरलेली सकाळ माझ्या शेवटाला आणून लावली. नाशपातीचा वास आला. अंगठा दाबून ती दहापर्यंत मोजायला लागली आणि दहावर थांबली नाही. मी मोजत होतो. तिने साठपर्यंत मोजलं.

स्वेनबोर्गच्या सिनेमागृहाच्या मालकाने रविवारी दुपारच्या खेळाआधी यंत्र द्यायचं कबूल केलं. पियानो वाजवणाऱ्या बाई आपणहून आल्या होत्या. काय वाजवू, असं त्यांनी विचारलं तेव्हा मारेनबाई म्हणाली की काही वाजवू नका, त्याला सकाळी गडबड चालायची नाही. म्हणजे तिला कुणी काही सांगायच्या आधीच तिने सकाळ म्हटलं होतं. पहिल्या खेळातली ती सकाळ तिला आठवत असणार, पण माझ्या ते तेव्हा लक्षात आलं नाही.

मी सुरू झालो. नुसती यंत्राची घरघर. हातात पत्र घेऊन लिंड निघतो, हार, भाचा, पांढरी वात. पाठलाग. भाच्याला शिपाई धरतात. आणि आता पाणी यायचं, तिथे एब्बाने डोळे मिटून घेतले. पाणी आलं नाही. गुलाबी उजेड आला. लाउरिट्सने पाव पुढे ओढला, कॉफी ओतली, वाफेवर फुंकर मारली, एक घोट घेतला. टोपी उचलली, डोक्यावर ठेवली. दारापाशी वळला. आईकडे बघितलं आणि मान डोलावली.

पडदा पांढरा झाला. कुणी उठेना. मारेनबाईच आधी बोलली.

“पाव आपल्याकडचा नव्हे. तळ करपलाय.”

एब्बाने मिटलेले डोळे उघडले.

“आणि अख्खा आहे,” मारेनबाई म्हणाली. “दिवसभर हिंडून घरी आलेल्या माणसापुढे अख्खा पाव नसतो गं. ही संध्याकाळ नाही. सकाळ आहे. तू पुढचं मागे लावलंस.”

एब्बाला रडू फुटलं. दुसरं कुठेच मिळालं नाही, सगळीकडे शोधलं, असं ती सांगू लागली. मारेनबाईने तिचा तो अंगठा, गोंदाने पिवळा पडलेला, आपल्या दोन्ही हातांत धरला.

“अगं, बरं केलंस. संध्याकाळी घरी आलेला माणूस झोपतो. हा आत्ताच उठलाय. टोपी डोक्यावर आहे त्याच्या. असू दे असाच.”

त्यानंतर तिला टोपी पाण्यावर दिसली नाही. डोक्यावर दिसायची, असं ती मरेपर्यंत सांगायची. एब्बा परत कोपनहेगनला गेली नाही. दोघींनी मिळून बेकरी चालवली, आणि मारेनबाईनंतर एकट्या एब्बाने. लग्न तिने केलं नाही. मला तळघरात, भट्टीपासून लांब, पिठाच्या पोत्यांपलीकडे कोरड्या गारव्यात ठेवलं होतं. म्हणूनच त्या काळच्या इतर फिती कुजून पावडर झाल्या आणि मी राहिलो. लोक मला गुप्तहेराचा चित्रपट म्हणतात, लिंडच्या बुद्धीचं कौतुक करतात. मला विचाराल तर माझ्या आयुष्यात दोनच खरे गुप्तहेर आले. एकीने पावावरून सगळं ओळखलं, आणि दुसरीने काहीही हाताशी नसताना हरवलेला माणूस शोधून दिला.

एब्बा ब्याऐंशी वर्षांची होऊन गेली. तिच्या भाचीने मला संग्रहालयाला दिलं. इथे बर्फासारखी थंड खोली आहे, हातमोजे घातलेली माणसं आहेत, आणि ती मला अतिशय जपतात. सिसेल राउन नावाच्या बाई माझ्यावर काम करतात. चष्मा नाकाच्या टोकावर, आणि प्रत्येक सांध्यापाशी श्वास रोखून धरतात. मला त्या आवडतात. आज दुपारी त्यांनी आपल्या सहकाऱ्याला, प्रेबेनला, हाक मारली.

“हे बघ, पाव. अजून कापलेलासुद्धा नाही. म्हणजे ही सकाळ आहे. हे दृश्य शेवटचं नाहीच, पहिलं आहे. कुणीतरी घोळ घातलाय.”

प्रेबेनने दुसऱ्या छोट्या डब्यातला निळा तुकडा उजेडाला धरला आणि म्हणाला की मग खरा शेवट हा. उद्या सकाळी दोन्ही जागच्या जागी लावून टाकू.

सिसेलबाई, पुरावा तुम्ही अगदी बरोबर वाचलात. मारेनबाईनेही हाच वाचला होता, याच पावावरून. तुम्ही हुशार आहात आणि तुमचा हातही हलका आहे. माझ्यावरून तुम्ही नवी प्रत काढा, तिला हवी तशी रचा, टोपी पाण्यावर सोडा, माझी ना नाही. अभ्यासाला ते लागेल. पण माझ्यातला तो एक सांधा सोडवू नका. उद्या पातं उचलण्याआधी त्याच्यावर भिंग धरा. काठाशी एका अंगठ्याचा ठसा आहे, बाकीच्या सगळ्या ठशांपेक्षा खोल. कुणी घोळ घालताना साठपर्यंत मोजत नाही.

मला बोलता येत नाही, म्हणून तुम्हाला हे ऐकू जाणार नाही. माझ्या शेवटी उभा आहे त्याच्याकडे तरी एकदा नीट बघा. तो आत्ताच उठलाय, कॉफी झालीय, टोपी डोक्यावर आहे. पाव अजून कुणी कापलेला नाही.